हवेतलं अतिक्रमण

"सत्ता ही कुणी ताटात वाढून देत नाही! ती रीतसर ठराव करून, सूचक-अनुमोदकाच्या सह्या घेऊन ताब्यात घ्यावी लागते!" असं दत्ताराम परबांनी जाहीर केलं, तेव्हा त्यांच्या एका गालावरचा साबण उतरला होता आणि दुसऱ्या गालावरचा उतरवायला गरम पाणी संपलं होतं.

"गिझर बंद केलाय," वनमालाबाई स्वयंपाकघरातून म्हणाल्या. "ठराव करून चालू होत असेल तर बघा."

दत्तारामांनी उरलेला गाल गार पाण्यात उरकला. बावीस वर्षं सोसायटीचा सेक्रेटरी राहिलेल्या माणसाला घरातल्या विरोधी पक्षाची सवय असते.

त्यांची सोसायटी म्हणजे बोरिवलीची 'जलविहार'. चार मजले, सोळा बिऱ्हाडं. नाव जलविहार असलं तरी सकाळी पाऊण तास पाणी यायचं, आणि तेही मनापासून फक्त दुसऱ्या मजल्यापर्यंत. गेल्या वर्षी इमारत पुनर्विकासाला गेली, पाडली गेली आणि सोळा बिऱ्हाडं सोळा दिशांना भाड्याच्या घरांत पांगली. परब दहिसरला नदीपलीकडे आले. दुसऱ्या मजल्यावरच्या नलिनी गावडे घाटकोपरला गेल्या. तळमजल्याचा बर्नार्ड परेरा, म्हणजे दत्तारामांचा तीस वर्षांचा कॅरम पार्टनर, मुलुंडला मुलीच्या जवळ जाऊन राहिला. दत्तारामांकडे ठरावाची वही राहिली, सोसायटीचा गोल शिक्का राहिला, शाईचा पॅड राहिला. नोटीस लावायला भिंत तेवढी उरली नाही.

अशात बातमी आली की जलविहार पुन्हा उभी राहिली आहे. इंटरनेटवर.

तिसऱ्या मजल्यावर सुयोग तामणे नावाचा तरुण भाडेकरू होता. अंधेरीला दातांच्या कवळ्या बनवणाऱ्या लॅबमध्ये तो कामाला होता. दत्तारामांची खालची कवळी त्याच्याच हातची. ठोकळ्यांवर ठोकळे रचून गावं उभी करायचा एक खेळ असतो, ब्राउझरमध्ये उघडतो, एकाच वेळी कितीही जण खेळू शकतात. त्यात सुयोगने जुने फोटो बघून अख्खी जलविहार बांधली. जिन्यातली फुटकी लादी, पंपाची खोली, काचेचा नोटीस बोर्ड, काही म्हणता काही सोडलं नाही. संध्याकाळी सात वाजले की घाटकोपर, मुलुंड, अंधेरीहून सगळे त्या कंपाउंडमध्ये जमायचे. प्रत्येकाचा चौकोनी डोक्याचा बाहुला, डोक्यावर नाव, आणि बोलणं खाली टाइप करायचं.

सुनेने लॅपटॉप लावून दिला आणि दत्ताराम पहिल्यांदा आत गेले, तेव्हा समोर त्यांचंच दार होतं, दारावर 'द. सि. परब' अशी पाटी होती. त्यांच्या डोळ्यांत काहीतरी कचरा गेला. मग त्यांनी मान वर केली तर दुसऱ्या मजल्यावर नलिनीबाईंची गॅलरी चार फूट बाहेर आलेली, आणि तिच्यात झोपाळा. कचरा लगेच निघाला.

ही गॅलरी दत्तारामांनी खऱ्या जलविहारमध्ये नऊ वर्षं वाढू दिली नव्हती. सोळा नोटिसा काढल्या होत्या. आता इमारत नाही म्हटल्यावर बाईंनी डाव साधला होता.

"सुयोग, ही गॅलरी पाडायची," त्यांनी फोन लावला.

"काका, ते ऑपरेटरलाच करता येतं. दुसऱ्याने बांधलेलं काढणं, कुणाला बाहेर घालवणं, गेट बंद करणं, ते सगळं ऑपरेटरचं."

"ऑपरेटर कोण?"

"मीच की."

ऑपरेटर म्हणजे काय, हे दत्तारामांना समजावून सांगायची गरज नव्हती. जलविहारमध्ये सेक्रेटरी ते होते, चेअरमन आणखी कुणी होते, पण पंपाची किल्ली पंपवाल्या धोंडिरामच्या करगोट्याला होती. धोंडिराम गावाला गेला की चेअरमनसुद्धा बादली घेऊन खाली यायचे.

"तू सभासद नाहीस, सुयोग. अकरा महिन्यांच्या करारावरचा भाडेकरू आहेस. भाडेकरूला पदाधिकारी होता येत नाही. ते अधिकार माझ्याकडे दे."

"काका, नाही म्हणजे, तुम्हाला कसं सांगू… मागे नलिनीमावशींना दोन दिवस ऑपरेटर केलेलं. त्यांनी चुकून कायतरी दाबलं आणि पाणी सोडलं. पार चौथ्या मजल्यापर्यंत."

"चौथ्या मजल्यापर्यंत पाणी? जलविहारमध्ये?"

"तेच ना! लोक बघायला आले. पण जिना गेला वाहून. तेव्हापासून ठरवलंय, कुणालाच द्यायचं नाही. सॉरी काका. बाकी खालची कवळी कशी आहे?"

"टोचते," दत्ताराम म्हणाले आणि फोन ठेवला. ती टोचत नव्हती.

त्या दिवसापासून त्यांचं जेवणावरचं लक्ष उडालं. वही उघडायची, कोऱ्या पानाकडे बघायचं, मिटायची. एकदा तर त्यांनी दुधाच्या कार्डावर सोसायटीचा शिक्का मारला. ते बघून वनमालाबाई सुनेला म्हणाल्या, "श्वेता, ह्यांका कायतरी काम दी गो. न्हायतर उद्या माझ्या कपाळार शिक्को मारतीत."

मुलगा प्रीतम जहाजावर होता, त्यामुळे घरातले तांत्रिक प्रश्न श्वेताकडे यायचे. ती एका सॉफ्टवेअर कंपनीत टेस्टर होती. दुसऱ्यांनी मन लावून केलेल्या कामातल्या चुका शोधायच्या आणि त्या नम्र भाषेत कळवायच्या, हा तिचा पेशा. म्हणूनच सासऱ्यांशी तिचं जमलं.

"आई, मी बाबांच्या ब्राउझरमध्ये एक छोटासा मॉड बसवते," ती म्हणाली.

"म्हणजे काय?"

"म्हणजे फक्त त्यांच्या चष्म्याला वेगळी काच लावायची. त्यांनी गॅलरी पाड म्हटलं की त्यांच्या स्क्रीनवर पडेल. गेट बंद म्हटलं की त्यांच्यापुरतं बंद. एखाद्याला घालव म्हटलं की तो त्यांना दिसणार नाही, त्याचं बोलणंही दिसणार नाही. बाकीच्यांना सगळं जसंच्या तसं."

वनमालाबाईंनी विचार केला. "लग्न झाल्यापासून मी हेच करत आलेय. नुसतं 'बरं' म्हणायचं."

एक अडचण होती. खेळ बंद करून पुन्हा उघडला की खरी जलविहार दिसणार. म्हणून श्वेताने मॉडला शिकवलं, की बाबांचा प्रत्येक हुकूम लिहून ठेव आणि ते आत आले की पहिल्यापासून सगळे पुन्हा म्हणून टाक. ते हुकूम सुयोगच्या सर्व्हरकडेही जात; तिथून 'परवानगी नाही' म्हणून परत येत. येऊ देत, ती म्हणाली, दाखवायचं आहे ते आपल्याच स्क्रीनवर. इतरांच्या चुका काढणाऱ्या माणसाने स्वतःचं काम दुसऱ्याकडून तपासून घ्यावं, हे तिला त्या दिवशी सुचलं नाही.

दुसऱ्या दिवशी दत्ताराम आत गेले, तर त्यांच्या बाहुल्याच्या डोक्यावर पिवळा मुकुट.

"सुयोगने केलं तुम्हाला ऑपरेटर," श्वेता म्हणाली. "पण बाबा, कुणाला बोलू नका हं. सगळेच मागतील."

"गोपनीय," दत्ताराम म्हणाले. त्यांनी वही उघडली आणि दीड वर्षानंतर प्रथमच जेवताना दोनदा आमटी मागितली.

ठराव क्रमांक एक: सुयोग तामणे हा सभासद नसल्याने त्यास आवाराबाहेर करण्यात येत आहे. दिल्या अधिकाराने देणाऱ्यालाच बाहेर काढणं जरा बरं दिसत नाही, असं त्यांच्या मनात आलं. पण नियमाला मन नसतं. सुयोगचा बाहुला नाहीसा झाला. ठराव क्रमांक चार: गावडे यांची गॅलरी. ती पडली, झोपाळ्यासकट. दत्ताराम दोन मिनिटं नुसते त्या सपाट भिंतीकडे बघत बसले. नऊ वर्षं, सोळा नोटिसा आणि शेवटी एक बोट.

पण संध्याकाळी सात वाजता नलिनीबाई घरातून बाहेर आल्या आणि गॅलरी जिथे होती तिथे, दुसऱ्या मजल्याच्या उंचीवर, हवेत उभ्या राहिल्या. मग बसल्या. मग पुढे-मागे झुलू लागल्या.

"श्वेता, ह्या बाई हवेत बसल्यात."

श्वेताने कॉफीचा घोट गिळला. "सवय असते, बाबा."

दत्तारामांनी उपविधींचं पुस्तक काढलं. त्यात जिन्यातलं अतिक्रमण होतं, गच्चीवरचं होतं, पार्किंगमधलं होतं. त्यांनी वहीत लिहिलं: 'सौ. गावडे यांचं हवेतलं अतिक्रमण चालू आहे. विचाराधीन.'

नंतर कारभाराने वेग घेतला. ठराव नऊने गेट संध्याकाळी बंद झालं. लोक मात्र बंद गेटातून आरपार येत राहिले. दत्तारामांनी त्यांची नावं टिपून ठेवली. ठराव सतराने गच्चीवरची गळकी टाकी काढून टाकली. ठराव बावीस बदकांचा होता.

बर्नार्डने गेटजवळ चौदा बदकं पाळली होती. खऱ्या जलविहारमध्ये पाळीव जनावरांना बंदी होती म्हणून त्याने तीस वर्षं मन मारलं होतं. इथे त्याने हौस भागवून घेतली होती. दत्तारामांनाही वाईट वाटलं. पण कायदा मित्रासाठी वाकवला तर नलिनीबाईंना काय तोंड दाखवणार? बदकं गेली.

त्या संध्याकाळी बर्नार्ड आला आणि रिकाम्या जमिनीवर दाणे टाकू लागला. "ये ये ये," असं टाइप करत होता. दुसऱ्या दिवशीही तेच. तिसऱ्या दिवशी त्याने लिहिलं, 'दत्ता, ही छोटी बघ कशी लंगडत चालते.'

दत्ताराम स्क्रीनपासून जरा मागे सरकले. "बर्नार्डला धक्का बसलाय गं," ते वनमालाबाईंना हळू आवाजात म्हणाले. "त्याला गेलेली बदकं दिसतात."

"तुम्हाला असलेली दिसत नाहीत," वनमालाबाई म्हणाल्या आणि श्वेताने त्यांना कोपराने ढोसलं.

चार दिवस वाट पाहूनही दाणे टाकणं थांबेना, तेव्हा दत्तारामांनी काळजावर दगड ठेवून ठराव क्रमांक सव्वीस केला. बर्नार्ड परेरा आवाराबाहेर. तो दिसेनासा झाला. मग एकट्या बर्नार्डवर अन्याय नको म्हणून ठराव सत्तावीस ते चाळीस, गेटातून आरपार जाणारे सगळे. नलिनीबाई सगळ्यांत शेवटी. हवेत झुलता झुलता गेल्या.

जलविहारमध्ये अखेर शिस्त आली. इतकी आली, की संध्याकाळी सात वाजता कंपाउंडमध्ये फक्त दत्ताराम असत. ते गेटापासून पंपाच्या खोलीपर्यंत चालत, पंपाच्या खोलीपासून गेटापर्यंत चालत आणि कॅरम बोर्डासमोर उभे राहत. कॅरमला दुसरा माणूस लागतो, यावर उपविधींत काही तोडगा नव्हता.

इकडे बाकीच्यांना जे दिसत होतं ते वेगळंच होतं. परब रोज येतात, खांबासारखे मधोमध उभे राहतात, कुणी हाक मारली तरी उत्तर देत नाहीत. नलिनीबाईंनी वाढदिवसाच्या शुभेच्छा दिल्या, उत्तर नाही. बर्नार्ड त्यांच्या नाकासमोर उभा राहून 'दत्ता, एक गेम?' म्हणाला, उत्तर नाही. असं नऊ दिवस. परब रुसले, असं सर्वानुमते ठरलं आणि त्यांची समजूत काढायला बर्नार्डला पाठवायचं ठरलं.

रविवारी सहाच्या सुमारास बर्नार्ड परेरा, वय सत्तर, घोडबंदरवरून दोन बस बदलून दहिसरला परबांच्या दारात उभा राहिला. हातात बायको ल्युसीने दिलेला स्टीलचा डबा होता.

"ल्युसीने मैद्याचे फुगे तळून दिलेत. गरम होते मुलुंडला."

दत्तारामांनी डबा दोन्ही हातांनी घेतला. आपण काढून टाकलेला माणूस आपल्याच घरी आला, वर खायला घेऊन आला. "ये, बस," ते म्हणाले. "मला ठाऊक होतं तू येणार. तुझा अर्ज मी नाकारणार नाही."

"कसला अर्ज रे? मी माफी मागायला आलोय."

"मागू नकोस, आलास तेवढ्यानेच झालं. बदकांचं प्रकरण मीही जरा ताणलं."

"बदकांचं काय?" बर्नार्ड बसता बसता थांबला. "म्हणजे तुला बदकांचा त्रास होत होता? मग बोलायचंस ना! नऊ दिवस मी तुझ्यासमोर उभा राहतोय, तू ढिम्म. ल्युसी म्हणाली, एवढ्या वर्षांची दोस्ती, असं काय केलंस तू त्याला?"

"नऊ दिवस माझ्यासमोर? बर्नार्ड, तुला तर मी बाहेर काढलंय."

"कुठून?"

"जलविहारमधून. ठराव क्रमांक सव्वीस."

"कधी? काल संध्याकाळी तर मी तिथे होतो. छोटीच्या पायाला बरं वाटतंय आता."

दोघांनी एकमेकांकडे अशा नजरेने पाहिलं, की बिचाऱ्याचं वय झालं आता.

"थांब, दाखवतोच," दत्ताराम लॅपटॉपकडे वळले. "तुझ्यासमोर ठराव मागे घेतो."

"आणि मी तुला माझ्या फोनवर बदकं दाखवतो," बर्नार्ड म्हणाला आणि चष्मा शोधू लागला.

आतल्या खोलीत श्वेताच्या हातातला कप थांबला. दोन स्क्रीन शेजारी-शेजारी लागणार होत्या. एकीवर चौदा बदकं, दुसरीवर शून्य. "आई, वाट लागली," ती म्हणाली आणि तिने सुयोगला फोन लावला. सुयोग रविवार असूनही लॅबमध्ये कुणाचा तरी वरचा जबडा घासत होता.

"सुयोग, पाच मिनिटांसाठी बाबांना खरोखर ऑपरेटर कर. प्लीज. कारण नंतर सांगते, म्हातारा माणूस आहे, कोलमडेल."

"अगं पण…"

"प्लीज यार."

"बरं. केलं," सुयोग म्हणाला आणि पुन्हा जबड्याकडे वळला.

श्वेताने सुटकेचा श्वास सोडला. तो अर्धा सुटला असेल नसेल, तोच तिला आपण मॉडला शिकवून ठेवलेली एक गोष्ट आठवली. बाबा आत आले, की पहिल्यापासून सगळे हुकूम पुन्हा म्हणायचे. आजवर सर्व्हर नाही म्हणत होता.

"बाबा, उघडू नका!" ती बाहेर धावली.

दत्तारामांनी उघडलं होतं.

बर्नार्डच्या फोनवर रविवारचं कंपाउंड भरलेलं होतं. नलिनीबाई गॅलरीत झोपाळ्यावर होत्या, खाली सुयोगच्या बाहुल्यासकट दहाबारा जण होते, गेटजवळ बदकं होती. "हे बघ," बर्नार्ड म्हणाला, "एक, दोन, तीन…" तेवढ्यात सुयोग गायब झाला. मग गॅलरी गेली आणि नलिनीबाई झोपाळ्याच्या पोझमध्येच दुसऱ्या मजल्यावरून खाली आल्या. गेट धाडकन बंद झालं. गच्चीवरच्या टाकीच्या भिंती गेल्या. पाणी होतं तिथेच क्षणभर राहिलं आणि मग चौथ्या मजल्यावरून, तिसऱ्यावरून, जिन्याने, खिडक्यांतून, जलविहारच्या नावाला साजेसं खाली आलं. बदकं गेली. "अरे, अरे, छोटी…" एवढं बर्नार्ड म्हणतो तोच त्याच्या फोनवर अक्षरं उमटली: 'तुम्हाला या जगातून काढून टाकण्यात आलं आहे.'

"जगातून?" बर्नार्डने छातीवर क्रॉस केला.

आणि दत्तारामांचा फोन वाजला.

"परबभाऊजी, मी पडले!" नलिनी गावडे किंचाळत होत्या.

"कुठे?"

"गॅलरीतून!"

"लागलं का फार?"

"मी घाटकोपरला सोफ्यावर बसलेय, लागेल कशाला! पण पडले ना! सगळ्यांसमोर पडले! आणि वर मलाच बाहेर काढलं. कुणी केलं हे?"

दत्ताराम बर्नार्डच्या फोनकडे बघत होते. ज्या गोष्टी त्यांनी गेल्या दीड महिन्यात केल्या होत्या, त्या आत्ता, त्यांच्या डोळ्यांसमोर झाल्या होत्या. गणित त्यांचं कच्चं नव्हतं. त्यांनी फोन हळूच खाली ठेवला आणि श्वेताकडे पाहिलं.

"म्हणजे आजपर्यंत?"

"फक्त तुमच्या स्क्रीनवर, बाबा," श्वेता खाली मान घालून म्हणाली.

"गॅलरी?"

"होती."

"बदकं?"

"चौदा," बर्नार्ड म्हणाला.

"आणि एवढे चाळीस ठराव…" दत्तारामांनी वही उचलली, पुन्हा ठेवली. "कुणालाच दिसत नव्हते? एकाही माणसाला?"

मग वनमालाबाई पदराला हात पुसत दारात आल्या. त्यांच्या आवाजात टोमणा नव्हता, म्हणून तो जास्त लागला.

"अहो, बावीस वर्षं काचेच्या कपाटात नोटिसा लावल्यात. कपाटाला कुलूप, किल्ली तुमच्याकडे, काचेवर बोटभर धूळ. त्या तरी कुणाला दिसत होत्या? म्हणून कुणी तुमच्याशी बोलायचं थांबलं का?"

दत्ताराम खुर्चीत बसून राहिले. समोर स्क्रीनवर त्यांचा मुकुटवाला बाहुला होता. मुकुट आता खरा होता. इमारत शिस्तीत होती, गेट बंद होतं, कंपाउंडमध्ये कुणीही नव्हतं आणि जिन्यावरून शांतपणे पाणी वाहत होतं.

सुयोगचा फोन आला. "काका, मीच बाहेर आहे. मला आत येता येत नाहीये. आता सगळ्या किल्ल्या तुमच्याकडे आहेत."

हे वाक्य ऐकायला दत्ताराम दीड वर्ष थांबले होते. त्यांनी घसा खाकरला. "पाणी कसं बंद करायचं?"

"ते मला आत आल्याशिवाय नाही करता येणार, काका. कालची अख्खी प्रत ठेवलेली आहे माझ्याकडे, ती लावली की सगळं पहिल्यासारखं. पण मी आत पाहिजे."

"बाकीच्यांना घे," बर्नार्ड हळूच म्हणाला. "सुयोगला नाही घेतलास, तर ऑपरेटर तूच राहशील. कायमचा. मी कुणाला बोलणार नाही."

दत्तारामांनी वाहत्या जिन्याकडे पाहिलं. त्यांना धोंडिराम आठवला. किल्ली त्याच्याकडे होती म्हणून तो मोठा नव्हता. पहाटे उठून पंप तोच चालू करायचा.

"वही आण, वनमाला," ते म्हणाले.

मग जे झालं ते रीतसर झालं. ठराव क्रमांक एकेचाळीस: श्री. सुयोग तामणे यांना सहयोगी सभासद करून घेण्यात येत आहे, सबब ते पदाधिकारी होण्यास पात्र आहेत.

"सूचक मी. अनुमोदक?"

"फुगा खाऊन सांगतो," बर्नार्ड म्हणाला. मग तोंड पुसून म्हणाला, "अनुमोदन."

सुयोग आत आला. त्यापाठोपाठ एकेकाला स्वतंत्र ठरावाने घेण्यात आलं. नलिनीबाई फोनवरून ओरडत होत्या, "एकदम सगळ्यांना घ्या ना हो!" पण दत्ताराम म्हणाले, घाईत घेतलेले निर्णय टिकत नाहीत. डबा संपेपर्यंत पंधरा ठराव झाले. श्वेता प्रत्येक ठरावाला अनुमोदनाचा चहा करत होती.

शेवटी सुयोगने कालची प्रत लावली. पाणी गेलं, जिना आला, बदकं आली. सगळे कंपाउंडमध्ये जमले आणि दत्तारामांनी दोन बोटांनी, पण एकही अक्षर न चुकता टाइप केलं: 'सभासद बंधू-भगिनींनो, ऑपरेटरपदाचा मी स्वखुशीने राजीनामा देत आहे. पद म्हणजे सेवा. ज्याला पाणी बंद करता येतं त्यानेच ते चालू करावं.' खाली टाळ्यांची चिन्हं पडली. नलिनीबाईंनी लिहिलं, 'भाऊजी, तुमच्यासारखा सेक्रेटरी होणे नाही.' बर्नार्ड शेजारच्या खुर्चीत बसून फोनवरून लिहीत होता, 'दत्ता, एक गेम?' आणि या वेळी उत्तर आलं: 'सोंगट्या लाव.'

"श्वेता," दत्ताराम म्हणाले, "तो मुकुट काढ. ती काच काढ. खोटं बघण्यात राम नाही. जे सगळ्यांना दिसतं तेच मला दिसलं पाहिजे."

"नक्की, बाबा?"

"नक्की."

श्वेताने लॅपटॉप जवळ ओढला आणि दोन ठिकाणी दाबलं. मुकुट गेला. गेट उघडलं. चौदा बदकं त्यांच्या पायांत आली, शेवटची जरा लंगडत. दत्तारामांना भरून आलं. मग त्यांनी मान वर केली. दुसऱ्या मजल्यावर, भिंतीपासून चार फूट बाहेर, नलिनीबाई झोपाळ्यावर बसल्या होत्या. झुलत होत्या. त्यांनी खाली बघून हात हलवला.

दत्ताराम बराच वेळ तिकडे बघत राहिले. त्यांनी बर्नार्डकडे पाहिलं. तो सोंगट्या लावण्यात गुंतला होता. मग ते सुनेच्या कानाशी वाकले.

"श्वेता, सगळं काढलंस ते उत्तम केलंस. पण ती गॅलरी तेवढी… कुणाला कळायचं नाही गं… फक्त माझ्याच स्क्रीनवरून पाडता येईल का?"